चित्राची चिमूट

डोंगराला पाठ टेकून बसलेली एक वाडी होती. वाडीला नाव होतं, पण ते घेऊन आपल्याला काय करायचंय? आपल्याला हवी आहे वाडीतली अगदी शेवटची झोपडी, आणि त्या झोपडीतली सगुणी.

सगुणी सात वर्षांची. केस भुरभुरे, डोळे टपोरे, आणि हात कोपरापर्यंत पांढरेशुभ्र. हात पांढरे का, तर ती आणि तिची आई अनसूया रांगोळी विकत. डोंगरात शिरगोळा नावाचा पांढरा, ठिसूळ दगड मिळे. मायलेकी तो वेचून आणत, उखळात कुटत, फडक्यातून गाळत आणि टोपली डोक्यावर घेऊन दारोदार हिंडत. मापभर रांगोळीला कुणी ओंजळभर ज्वारी देई, कुणी कालची भाकरी. सगुणीचे बाबा ती पाळण्यात असतानाच देवाघरी गेले होते. दोघींचं एवढ्यातच भागे. भागे म्हणजे काय, भागवावंच लागे.

चैत्र आला की मात्र रांगोळीवाल्यांचे दिवस येत. चैत्रात गौर माहेरी येते ना! मग घरोघरी अंगणं हिरवीगार सारवायची आणि त्यावर चैत्रांगण काढायचं. गौरीचा झोपाळा, तुळस, गाय, शंख, कमळ, सूर्य, चंद्र, आणि दाराकडे चालत जाणारी गौरीची इवली इवली पावलं. सगुणीच्या आईचा हात इतका सुरेख की बाया मुद्दाम तिलाच बोलावून न्यायच्या. सूर्य-चंद्राच्या शेजारी ती न चुकता एक चिमुकली चांदणी काढायची.

"तिला गं कोण विचारतंय?" बाया म्हणायच्या.

"कुणी विचारत नाही म्हणूनच काढते," आई हसून म्हणायची.

पण यंदा चैत्र आला आणि आई अंथरुणालाच खिळून होती. होळीपासून तिला ताप येत होता. गाल आत गेले, आवाज बारीक झाला. वैद्यबुवांनी नाडी पाहिली आणि म्हणाले, "अंगात काही ताकदच उरली नाही, तर माझं औषध काय करणार? दूध पाजा, चार घास खाऊ घाला, मग बघू." सगुणीच्या घरात दूध कुठून येणार? दूध तर सोडाच, चुलीत विस्तव असला तरी खूप.

सगुणी एकटीच टोपली घेऊन हिंडू लागली. पण बाया म्हणायच्या, "पोरी, तुझी आई बरी झाली की ये." आई बरी होईल का, हा एकच प्रश्न सगुणीबरोबर दिवसभर हिंडत राही. आई नसली तर सगुणीला या जगात दुसरं कुणीच नव्हतं.

एके दिवशी संध्याकाळी ती डोंगरातून दगड वेचून परत येत होती. वाटेत बहाव्याची राई लागली. अहाहा, काय ती राई! फांदीफांदीवरून सोनपिवळे घोस लोंबत होते. पलीकडे पांगारा लालचुटूक पेटला होता. खाली पिवळ्या पाकळ्यांचा मऊ मऊ गालिचा, आणि त्यावर मावळतीचं गुलाबी ऊन सांडलेलं. सगुणी दमून खाली बसली. टोपलीच्या तळाशी थोडी रांगोळी उरली होती. तिनं पाकळ्या हलकेच बाजूला सारल्या आणि मातीवर एक चांदणी काढली.

"सूर्याला सगळ्या अंगणात जागा आहे, चंद्राला आहे," ती चांदणीला म्हणाली. "तू इथे राहा. इथे तुला कुणी नको म्हणणार नाही."

"जागा छान आहे, पण माझा एक कोन वाकडा झालाय," कुणीतरी म्हणालं.

सगुणीनं पाहिलं. चांदणीच्या अगदी मध्यावर एक करंगळीएवढी परी उभी होती. मोगऱ्याच्या कळीसारखा शुभ्र झगा, त्याला निळसर झाक, चतुराच्या पंखांसारखे लखलखते पंख, आणि पायांत इतके बारीक घुंगरू की आवाज ऐकायला श्वास रोखावा लागे.

दुसरी कुणी असती तर किंचाळली असती. सगुणी रांगोळीवालीची लेक. तिला आधी वाकडा कोन दिसला. "चुकलं गं. थांब, नीट करते," असं म्हणून तिनं चिमटीनं कोन सरळ केला. मग विचारलं, "तुझं नाव काय?"

परी एकदम खाली बसली, आणि तिचे डोळे भरून आले. "मला भेटतात ते आधी काहीतरी मागतात. नाव कुणीच विचारत नाही. आणि गंमत बघ, महिनाभर तुम्ही सगळे माझंच नाव घेत असता. चैत्र, चैत्र म्हणता ना? पुनवेचा चंद्र माझ्या शेजारी येऊन बसतो, म्हणून हा महिना चैत्र. लोक चंद्राकडे बघतात आणि घरी जातात. ती बघ मी."

तिनं इवलंसं बोट पूर्वेला केलं. डोंगराच्या कडेवर एक निळसर पांढरी चांदणी नुकतीच वर आली होती.

"मी चित्रा," परी म्हणाली.

"चित्रा म्हणजे काय?"

"चित्रा म्हणजे लखलखणारी. नाना रंगांची."

सगुणीनं एकदा आकाशाकडे पाहिलं, एकदा परीकडे. खोटं बोलणं तिला जमत नसे. "पण तू तर पांढरीच आहेस," ती म्हणाली.

परी खुदकन हसली. "रंग आहेत. आत मिटून बसलेत. ते कधी उघडतात ते मी सांगायचं नसतं, आणि माझे मला उघडताही येत नाहीत. आता तू सांग, तुला काय हवं?"

सगुणीच्या ओठांवर एकच शब्द आला. "आई."

मग परीनं आपल्या झग्याची झालर झटकली. निळसर, चमचमती, मऊशार रांगोळी खाली पडली. परीनं ती बहाव्याच्या पाकळ्यांच्या द्रोणात भरली आणि म्हणाली, "यात तीन चिमटी आहेत. एका संध्याकाळी एकच चिमूट घ्यायची. मी डोंगरावर डोकं काढलं की अंगणात हवं ते चित्र काढायचं आणि त्याच्यापुढे गौरीची पावलं. ती पावलं ज्या दारात शिरतील, त्या दारात तुझी इच्छा जाईल. आणि एकदा काढलेली रेघ पुसायची नाही. चुकली तरी नाही."

"एवढंच?"

"एवढंच. पण एवढंच पुष्कळ अवघड आहे, राणी," परी म्हणाली, आणि पिवळ्या घोसांत दिसेनाशी झाली.

आता सगुणीचं अंगण कसं होतं ते सांगायला हवं. ते तिचं एकटीचं नव्हतंच. समोरासमोर दोन झोपड्या, आणि दोघींत मिळून एक अंगण. समोर राहायची भागाकाकू. भागाकाकू म्हणजे नाकावर माशी बसू न देणारी बाई. मागं एकदा तिच्या कोंबडीनं सगुणीच्या आईची गाळलेली रांगोळी सगळी उधळली. आई म्हणाली, "कोंबडी जरा टोपलीखाली डालून ठेवा." काकू म्हणाली, "रांगोळी जरा झाकून ठेव." झालं, दोन दिवस शब्दाला शब्द वाढत गेला, आणि तिसऱ्या दिवशी काकूनं अंगणाच्या बरोबर मधोमध दगडांची रांग मांडली. तेव्हापासून रांगेच्या इकडची तिकडे बोलत नव्हती आणि तिकडची इकडे.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी सगुणीनं आपली बाजू सारवली. नवी रांगोळी आधी कोपऱ्यात काढून बघावी, ही आईची शिकवण. म्हणून तिनं पहिल्यांदा लहानशीच इच्छा धरली. आईच्या तोंडाला चव नव्हती ना, तिनं एक कैरी काढली आणि आपल्या दाराकडे जाणारी पावलं. आत जाऊन बघते तो काय! उशाशी हिरवीकंच, देठाला चीक असलेली कैरी. सगुणीनं फोड करून मीठ लावून आईच्या ओठांशी धरली. आईनं डोळे मिटूनच ती चोखली आणि कितीतरी दिवसांनी म्हणाली, "आंबट आहे गं." सगुणीला इतका आनंद झाला की ती चुलीपाशी एकटीच नाचली.

पुढच्या संध्याकाळी दुसरी चिमूट, दुधासाठी. वैद्यबुवांनीच सांगितलं होतं ना? आईच्या अंगात आधी ताकद येऊ दे, मग तिसऱ्या चिमटीनं तिला बरं करायचं, असा सगुणीचा बेत. तिनं सुंदर गोमटी गाय काढली, गाईखाली दुधाची चरवी काढली. इतक्यात आतून आई कण्हली. आईची हाक ऐकू यावी म्हणून सगुणी अंगणाच्या मध्यापासून पावलं काढत, मागं मागं सरकत आपल्या उंबऱ्यापर्यंत आली.

इथंच घोटाळा झाला. रांगोळी काढणारी माणसं काढलेल्यावर पाय पडू नये म्हणून नेहमी मागं मागं सरकतात. दुसऱ्यांच्या अंगणात दार समोर असतं, त्यामुळे पावलांची बोटं आपल्यापासून लांब, दाराच्या दिशेनं काढायची हाताला सवय. आज सगुणीचं दार पाठीमागं होतं. हातानं आपली सवय सोडली नाही. बोटं काढली ती समोर, म्हणजे भागाकाकूच्या दाराकडे. इवली पावलं सगुणीच्या उंबऱ्यातून निघून तुरुतुरु समोर चालली होती, दगडांपाशी संपली तरी तोंड त्याच दाराकडे.

सगुणीला चूक दिसली. पुसायला हात पुढं गेला आणि तसाच थांबला. पुसायचं नाही, परीनं सांगितलं होतं.

समोरच्या उंबऱ्यावर दुधानं काठोकाठ भरलेली चरवी उभी राहिली. तिच्या बुडाशी क्षणभर एक गुलाबी छटा उमटली आणि विरली. सगुणीला वाटलं, मावळतीचं असेल.

दार उघडून भागाकाकू बाहेर आली. चरवी बघून तिनं ती दोन्ही हातांनी धरली. "कुणी ठेवलं गं हे?" ती म्हणाली, आणि तिचा आवाज नेहमीसारखा कडक नव्हता. "लेकराच्या पोटात दोन दिवस थेंब नाही. हिच्या आईला दूध येत नाही. देवासारखं कोण आलं?"

काकूची लेक बाळंतपणाला आली आहे, एवढं सगुणीला ठाऊक होतं. पण दगडांची रांग मधे. तिकडं काय चाललंय ते कोण सांगणार? उघड्या दारातून तिला पाळणा दिसला. पाळण्यात एक मूठभर बाळ, तोंड सुकलेलं, रडायचाही कंटाळा आलेलं. 'ती चरवी माझी आहे' असं म्हणायला सगुणीनं तोंड उघडलं होतं. तिनं ते मिटलं आणि घरात गेली. त्या रात्री आईला तिनं ऊन पाणीच पाजलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी वैद्यबुवा आले ते समोरच्या घरी. बाळाला ताप चढला होता. बाहेर येऊन चपला घालताना ते काकूला हळूच म्हणाले, "आजची संध्याकाळ काढली तर वाचेल." मग सगुणीच्या घरात डोकावले, आईची नाडी पाहिली, आणि औषधाची पिशवी न उघडताच निघून गेले. सगुणीला त्या बंद पिशवीचीच जास्त भीती वाटली.

संध्याकाळ झाली. आभाळ जांभळं झालं, मग निळं झालं. डोंगरावर चित्रा आली. द्रोणात शेवटची चिमूट चमचमत होती. सगुणीनं अंगणात एक झोपाळा काढला आणि झोपाळ्यावर हसत बसलेलं, ठणठणीत बरं झालेलं माणूस. आता फक्त पावलं काढायची. या खेपेला तिनं दिशा नीट बघून घेतली. बोटं आपल्या दाराकडे.

समोरून बाळाचं बारीक रडणं येत होतं. ते कमी कमी होत गेलं. मग थांबलं.

सगुणीची चिमूट हवेतच राहिली. आत आई होती, तिची आई, जगातली एकुलती एक. आणि समोर ते मूठभर बाळ, ज्यानं अजून कैरी कशी लागते तेसुद्धा पाहिलं नव्हतं. सगुणीला मोठमोठ्यानं रडावंसं वाटलं. आपल्याला ते बाळ दिसलंच नसतं तर किती बरं झालं असतं, असंही वाटलं. पण दिसलं होतं. आई उद्यापर्यंत थांबेल, कदाचित थांबेल. बाळाजवळ उद्या नव्हता.

तिनं डोळे पुसले. दगडांच्या रांगेवरून पाय पलीकडे टाकला. भागाकाकूनं पाहिलं असतं तर काय झालं असतं कुणास ठाऊक. एक पाऊल, दुसरं पाऊल, बोटं काकूच्या दाराकडे. शेवटचं पाऊल उंबऱ्यावर काढलं आणि चिमूट संपली.

आणि मग ती रांगोळी उमलली! पांढऱ्या रेघांतून गुलाबी निघाला, गुलाबीतून केशरी, केशरीतून पोपटी, मोरपंखी, जांभळा. पावलापावलातून रंगांची कारंजी उडाली, झोपाळा इंद्रधनुष्याच्या दोऱ्यांवर हलू लागला. घरातून बाळ असं काही जोरात रडलं की झाडावरचे पोपट उडाले. "घाम आला, लेकराला घाम आला, ताप उतरला," काकूची लेक आतून म्हणत होती.

सगुणी आईच्या उशाशी येऊन बसली. "आई, तुझी चिमूट मी देऊन टाकली," ती म्हणाली, आणि आता मात्र तिला रडू आवरेना. आईनं डोळे उघडले नाहीत. तिनं फक्त आपला कढत हात सगुणीच्या डोक्यावर ठेवला.

दुसरा दिवस कसाबसा गेला. संध्याकाळच्या सुमारास दारात कुणाची तरी सावली पडली. भागाकाकू उभी होती. कमरेला पदर खोचलेला, कपाळाला आठी.

"माझ्या उंबऱ्यावरची पावलं तुझ्या हातची आहेत," ती म्हणाली. "नाही म्हणू नकोस. तुझ्या घरचा हात वाडीत कोण ओळखत नाही? चरवी आली त्या दिवशीची पण तुझीच होती. कसली रांगोळी होती ती?"

सगुणीनं घाबरत घाबरत सगळं सांगितलं. परी, द्रोण, तीन चिमटी. ऐकता ऐकता काकूची आठी मोडली, आणि तिनं तोंडाला पदर लावला. "तुझी आई इथे तापानं फणफणतेय, आणि तू माझ्या नातीला..." ती तरातरा बाहेर गेली. अंगणात धपाधप आवाज येऊ लागले. काकू दगडांची रांग उचलून कुंपणाबाहेर फेकत होती. मग तिनं सगळं अंगण, इकडचं आणि तिकडचं, एकसंध सारवलं.

"दे रांगोळी," ती म्हणाली.

"परीची संपली, काकू."

"संपली तर संपली. टोपलीत शिरगोळ्याची आहे ना? ती दे. आणि बघू नकोस इकडं. मला येत नाही. नवी नवरी होऊन आले तेव्हा सासू माझ्या रेघेला हसली, त्यानंतर मी चिमूट धरलीच नाही."

आणि ती काढायला बसली. रेघ कुठं जाड, कुठं बारीक. पावलांना बोटं कधी चार झाली, कधी सहा. पण प्रत्येक पाऊल सगुणीच्या दाराकडे चाललं होतं, आणि प्रत्येक पावलाला काकू पुटपुटत होती, "अनसूयेला बरं वाटू दे. या पोरीची आई उठू दे."

शेवटचं पाऊल सगुणीच्या उंबऱ्यावर पडलं तेव्हा डोंगरावर चित्रा आली. आणि साधी, दगड कुटून केलेली, उखळातली रांगोळी मोहरून उठली. केशरी, पोपटी, मोरपंखी, जांभळी, कालच्यापेक्षाही झळझळीत. रंगांच्या त्या लाटेवर बसून परी घरात आली. तिचा पांढरा झगा आता पांढरा नव्हता. त्यावर सारे रंग खेळत होते.

"आता दिसले?" ती सगुणीच्या कानाशी म्हणाली. "हे आहे माझं नाव. माझे रंग दुसऱ्याच्या दारात जाणाऱ्या पावलांतच उघडतात. काल तू उघडलेस, आज तिनं."

"पण काकूजवळ तर परीची रांगोळी नव्हती."

"तिला ती लागलीच नाही," परी म्हणाली. तिनं आईच्या कपाळावर आपलं इवलंसं बोट टेकवलं. मग ती उजळत उजळत गेली, घरातली भांडी, कौलं, कोपरे सगळे रंगांत न्हाऊन निघाले, आणि त्या लखलखाटातच ती नाहीशी झाली. दारातून पाहिलं तर डोंगरावर चांदणी होती, आणि तिच्याकडे बघणाऱ्या आज दोघी होत्या, सगुणी आणि भागाकाकू.

पाठीमागं अंथरूण सळसळलं. आई कोपरावर रेलून उठून बसली होती. कपाळ घामानं ओलं, डोळे निवळ. तिनं पाण्याचा तांब्या मागितला, घटाघटा प्याली, आणि मग तिचं लक्ष उंबऱ्यावरच्या पावलांकडे गेलं.

"सगुणे," आई म्हणाली, "घरात बदक आलं होतं का गं?"

"मी काढलीत," भागाकाकू दारातून म्हणाली. "हस, पोटभर हस."

आई खरंच हसली. हसता हसता तिनं काकूपुढं हात केला, आणि काकूनं आत येऊन तो धरला.

जसं हे अंगण एक झालं, तसं तुमचं-आमचंही होवो. आणि चैत्रात संध्याकाळी पूर्वेला ती निळसर चांदणी दिसली, तर बाळांनो, काही मागायच्या आधी तिला नावानं हाक मारा.